काळ वाकवणारी वनस्पती आणि मीरा रोडची कारवी

काळाला वळवणारी वनस्पती माणसाने फार पूर्वी कल्पून ठेवली आहे. गिल्गामेशच्या महाकाव्यात नायक पाण्याच्या तळाशी जाऊन म्हाताऱ्याला तरुण करणारी काटेरी वनस्पती वर आणतो. परतीच्या वाटेवर तो अंघोळीला उतरतो, तेवढ्यात साप ती पळवतो आणि जाता जाता कात टाकतो. वाल्मीकींच्या युद्धकांडात जांबवान हनुमंताला चार औषधींची नावे सांगतो: मृतसंजीवनी, विशल्यकरणी, सुवर्णकरणी आणि संधानी. म्हाताऱ्या च्यवन ऋषींना पुन्हा तारुण्य मिळाल्याची कथा तर आवळ्याच्या अवलेहाबरोबर आजही घरोघरी पोचते.

या सगळ्यांत मला सर्वांत विलक्षण वाटते ती सुश्रुतसंहितेतली सोमवल्ली. चिकित्सास्थानाच्या २९ व्या अध्यायात सोमाचे २४ प्रकार दिले आहेत. प्रत्येकाला पंधरा पाने. शुक्ल पक्षात रोज एक पान फुटते, पौर्णिमेला पंधरा पुरी होतात. कृष्ण पक्षात रोज एक गळते आणि अमावास्येला नुसती वेल उरते. विधिपूर्वक सोम घेणाऱ्याची जुनी कातडी, नखे, केस, दात गळून नवे येतात आणि तो दहा हजार वर्षे नव्या देहाने जगतो, असे तिथे म्हटले आहे. सोम कुठे मिळतो ते सांगताना सुश्रुताने ज्या पर्वतांची नावे घेतली, त्यांत हिमालयाबरोबर आपला सह्यही आहे. म्हणजे काळ मोजणारी आणि काळ परतवणारी, अशी दोन्ही कामे करणारी वेल आपल्याच डोंगरांत वाढते, असे या ग्रंथाने मानले होते.

आळंदीची कथा याहून वेगळ्या जातीची. ज्ञानेश्वरांनी १२९६ मध्ये समाधी घेतली. सुमारे तीन शतकांनी अजानवृक्षाची मुळी त्यांच्या कंठाला लागली म्हणून त्यांनी एकनाथांना स्वप्नात येऊन ती दूर करायला सांगितले, अशी वारकऱ्यांची श्रद्धा आहे. एकनाथांनी ज्ञानेश्वरीची शुद्ध प्रत तयार केली तो काळ शके १५०६, म्हणजे १५८४ च्या आसपासचा. या कथेत समाधीच्या आत काळ थांबलेला आहे आणि बाहेर झाड वाढते आहे. झाडाच्या मुळीनेच त्या थांबलेल्या काळाला स्पर्श केला.

एवढ्या वेगवेगळ्या कथांत वनस्पतीकडे मागितलेल्या गोष्टी मात्र थोड्याच आहेत. काळ मोजावा, काळ थांबवावा, गेलेला काळ परत आणावा. यातली शेवटची गोष्ट कोणतीही वनस्पती करत नाही, हे आधीच स्पष्ट सांगायला हवे. काळाची गती खरोखर बदलते ती प्रचंड वेगाने किंवा प्रचंड गुरुत्वाकर्षणाने, पाल्याच्या रसाने नव्हे. पण पहिल्या दोन गोष्टी वनस्पती करतात आणि इतक्या नेटाने करतात की कथाकारांची कल्पना त्यापुढे भित्री वाटावी. त्यातली एक वनस्पती मीरा रोडच्या पूर्वेला, काशिमीऱ्याच्या महामार्गापलीकडे सुरू होणाऱ्या डोंगरांवर आहे. तिच्याकडे पोचायच्या आधी थोडा मागचा रस्ता पाहू.

वनस्पतींना वेळ कळते ही नोंद जगात पहिल्यांदा झाली ती आपल्या ओळखीच्या झाडावरून. अलेक्झांडरचा अधिकारी अँड्रोस्थेनिस इसवी सनापूर्वी चौथ्या शतकात आजच्या बहारीनच्या बेटावर गेला होता. तिथल्या एका झाडाची पाने रात्री मिटतात आणि सकाळी उघडतात, असे त्याने लिहून ठेवले. ते झाड चिंचेचे असावे असे अभ्यासक मानतात. ‘झाडे झोपली, आता पानाला हात लावू नकोस’ असे संध्याकाळी मुलांना बजावणाऱ्या आपल्या आज्यांनाही हे ठाऊक होते.

पण पान मिटते ते अंधार पडला म्हणून, की आतून काही सांगते म्हणून? १७२९ मध्ये फ्रान्सच्या द मेरांने लाजाळूच्या जातीचे झाड काळोखात ठेवून पाहिले. सूर्य दिसत नसतानाही पाने दिवसा उघडत होती, रात्री मिटत होती. एका शतकाने, १८३२ मध्ये, कांदोलने दाखवले की बाहेरून काही खूण मिळाली नाही तर लाजाळूचा दिवस चोवीस तासांचा राहत नाही, तो बावीस-तेवीस तासांवर येतो. या दोन-एक तासांच्या फरकाला माझ्या मते सगळ्या विषयात सर्वांत जास्त मोल आहे. झाड पृथ्वीच्या फिरण्याची नुसती नक्कल करत असते तर हा फरक पडलाच नसता. झाडाच्या आत स्वतःचे घड्याळ आहे आणि रोजची पहाट ते जुळवून घेते, एवढे त्यातून सिद्ध झाले. पुढे १९३० च्या दशकात एर्विन ब्युनिंगने घेवड्यावर प्रयोग करून ही लय आईबापांकडून मिळते हे दाखवले. आज या घड्याळाची जनुके माहीत आहेत. २०१७ चे वैद्यकाचे नोबेल पारितोषिक फळमाशीतल्या अशाच घड्याळासाठी हॉल, रोसबाश आणि यंग यांना मिळाले, पण घड्याळाचा सुगावा पहिल्यांदा लागला तो वनस्पतीत.

भारतातून या प्रश्नाला हात घातला तो जगदीशचंद्र बोस यांनी. बंगालमधल्या फरीदपूरला एक कललेले खजुराचे झाड होते. संध्याकाळी देवळात घंटा वाजू लागल्या की ते शेंडा टेकून नमस्कार घाली आणि सकाळी पुन्हा उठे. लोक त्याची पूजा करू लागले. बोस यांनी झाडाला नोंद घेणारे यंत्र जोडले आणि ते खाली-वर होते ते तापमानाच्या चढउतारानुसार, हे आलेखावर दाखवून दिले. श्रद्धेची थट्टा न करता, झाडाला कमी न लेखता, खरे कारण शोधण्याची ही रीत या विषयात सगळीकडे लागते, कारण काळाशी जोडलेल्या प्रत्येक झाडाभोवती कथा आधीच वाढलेली असते.

मीरा रोडच्या इमारतींत अशा कथेचे घरगुती रूप म्हणजे ब्रह्मकमळ. गॅलरीतल्या कुंडीत पावसाळ्यातल्या एका रात्री कळी उमलते, शेजारीपाजारी बघायला येतात, फुलाला हळदकुंकू वाहतात, फोटो जातात आणि पहाटेपर्यंत फूल मान टाकते. ही वनस्पती मूळची मेक्सिकोकडची, निवडुंगाच्या कुळातली. हिमालयातले ब्रह्मकमळ ते वेगळेच. तिची रात्रीची वेळ ठरली ती तिच्या मायदेशात रात्री उडणाऱ्या परागवाहकांसाठी. सातासमुद्रापलीकडे येऊन, तो परागवाहक भेटत नसतानाही, ती वेळ चुकवत नाही. गुलबक्षी चारनंतर, रातराणी अंधारात, दुपारी नावाचे तांबडे फूल भर उन्हात, ऑफिस टाइम ऊन तापल्यावर: वेळेवरून ओळखली जाणारी फुले आपल्याकडे पुष्कळ आहेत. भाईंदरच्या खाडीकडे गेले तर पांढरी चिप्पी या नावाचे खारफुटीचे झाड रात्रीच उमलते. २०२० मध्ये महाराष्ट्राने तिला राज्य कांदळवन वृक्षाचा मान दिला. पण एका रात्रीचा हिशेब ठेवणे ही या विद्येची पहिली इयत्ता झाली.

वर्षे मोजणारी वनस्पती हा पुढचा टप्पा, आणि इथे कारवी येते.

संजय गांधी राष्ट्रीय उद्यान सुमारे १०४ चौरस किलोमीटरचे. बोरिवली हे त्याचे ओळखीचे दार, पण उद्यानाची उत्तरेची बाजू काशिमीरा, चेणे, घोडबंदर या मीरा-भाईंदरच्या गावांना लागून आहे. या उतारांवर झाडांखाली माणसाच्या उंचीची, कुठे त्याहून दुप्पट, अशी एकसारखी दाट झुडपे दिसतात. ती कारवी. तिचे शास्त्रीय नाव स्ट्रोबिलँथिस कॅलोसा. पहिल्या पावसात बी रुजते. दर पावसाळ्यात ती मोठ्या खरखरीत पानांनी भरते, दर उन्हाळ्यात पाने झडून नुसत्या काठ्या उरतात. असे वर्षामागून वर्ष चालते आणि फूल काही येत नाही. मग सातव्या-आठव्या वर्षी, पावसाळा उतरणीला लागला की, अख्खा डोंगर एकदम जांभळा होतो. एका झुडपाला फूल आणि शेजारच्याला नाही, असे सहसा नसते. मधमाश्यांची गर्दी उसळते. या काळातला कारवीचा मध गडद आणि दाट असतो आणि त्याला मोठी मागणी असते. फुले सरली की झुडूप वाळते. बोंडे तशीच फांद्यांवर टिकतात आणि पुढल्या वर्षीच्या पहिल्या पावसाचा ओलावा लागला की तडतड आवाज करत फुटतात. बी उडून जमिनीवर पडते, रुजते आणि मोजणी पुन्हा पहिल्यापासून सुरू होते. ज्या झुडपाने आठ वर्षे वाट पाहिली, ते स्वतःची पुढची पिढी उगवलेली पाहायला जिवंत नसते.

मुंबईच्या डोंगरांत २००८ आणि २०१६ ही कारवीची मोठी वर्षे ठरली. म्हणजे आठ वर्षांचे चक्र. पुस्तकांत आणि बोलण्यात मात्र ‘सात वर्षांनी फुलणारी’ असे सर्रास म्हणतात. या दोन आकड्यांवरून वाद घालण्यात अर्थ नाही, कारण सह्याद्रीतले सगळे डोंगर एकाच वर्षी फुलत नाहीत. प्रत्येक पट्ट्याची पाळी वेगळी लागू शकते आणि मोठ्या वर्षाच्या आगेमागे फुलणारी चुकार झुडपेही असतात. कासच्या पठारावरची टोपली कारवी ही तिची बुटकी बहीण, तिचेही चक्र सात-आठ वर्षांचेच. दक्षिणेत मुन्नारची नीलकुरिंजी बारा वर्षांनी फुलते: १९९४, २००६, २०१८. तिथले मुथुवन आदिवासी कुरिंजीच्या बहरांवरून माणसाचे वय मोजत आले आहेत. केरळ सरकारने २००६ मध्ये कुरिंजीसाठी खास अभयारण्य जाहीर केले. बारातल्या अकरा वर्षांत ज्या डोंगरावर बघण्यासारखे काही नाही, तो डोंगर त्या एका वर्षासाठी राखायचा, हा निर्णय मला फार मोठ्या मनाचा वाटतो.

आपल्याकडे कारवीला कौतुकापेक्षा उपयोगाचे नाते अधिक लाभले. ठाणे जिल्ह्यातल्या वारली, ठाकर, कातकरी घरांच्या कुडाच्या भिंती कारवीच्या सरळ काठ्यांच्या. त्यावर शेणमातीचा लेप. जगभर गेलेले वारली चित्र मुळात याच भिंतीवर, गेरूवर तांदळाच्या पिठाने काढलेले. म्हणजे जी वनस्पती वर्षे मोजते, तिच्याच अंगावर लग्नाचा चौक लिहिला जात होता.

इतकी वर्षे थांबून सर्वांनी एकदम का फुलायचे? याचे सर्वांत पटणारे उत्तर १९७६ मध्ये डॅनियल जॅन्झन यांनी बांबूवर लिहिताना मांडले. बी खाणारे उंदीर, पक्षी, किडे दरवर्षी थोडे बी मिळाले तर तेवढ्यावर तगून राहतात आणि सगळे फस्त करतात. पण बरीच वर्षे काहीच मिळाले नाही तर त्यांची संख्या मर्यादित राहते. मग एके वर्षी खाऊन संपणार नाही इतके बी एकदम पडले, तर त्यातले पुष्कळ वाचते. जे झाड एकटे आधी फुलेल त्याचे बी हमखास खाल्ले जाईल. म्हणून वेळ चुकवणाऱ्याचा वंश उरत नाही आणि वेळ पाळणाऱ्यांचा उरतो. शिस्त इथे मृत्यूच्या धाकाने आली आहे.

बांबूने ही शिस्त टोकाला नेली. मिझोराममधला मावताक बांबू ४८ वर्षांनी फुलतो: १९११, १९५९, २००७. बी खाऊन उंदरांची पैदास इतकी होते की बी संपल्यावर ते शेतांवर उतरतात. या प्रकाराला तिथे मावताम म्हणतात. १९५९ च्या बहरानंतर पडलेल्या दुष्काळात लोकांना मदत करण्यासाठी मिझो नॅशनल फॅमिन फ्रंट उभी राहिली, १९६१ मध्ये तिचाच लालडेंगा यांच्या नेतृत्वाखाली मिझो नॅशनल फ्रंट हा राजकीय पक्ष झाला, १९६६ मध्ये सशस्त्र उठाव झाला आणि शांतता करार व्हायला १९८६ उजाडले. एका गवताच्या घड्याळाने एका राज्याचा इतिहास वळवला. काळाला वळण देणारी वनस्पती शोधायची तर याहून मोठे उदाहरण मला माहीत नाही. बांबू फुलला की दुष्काळ पडतो, हे आपल्याकडचे जुने भय अंधश्रद्धा म्हणून झटकून टाकण्याआधी मावताम आठवावा.

चीन-जपानमधला एक बांबू तर सुमारे १२० वर्षांनी फुलतो. त्याची सर्वांत जुनी नोंद इसवी सन ९९९ ची आहे. विसाव्या शतकात, १९६० च्या दशकाच्या अखेरीस, तो फुलला तेव्हा दूर देशी नेऊन लावलेली त्याची बेटेही साधारण त्याच सुमारास फुलली. हवा वेगळी, माती वेगळी, पण हिशेब एकच. बांबू किंवा कारवी ही वर्षे नेमकी कशी मोजते, याचे पक्के उत्तर विज्ञानाला अजून सापडलेले नाही. दिवसाचे घड्याळ जनुकांपर्यंत उलगडले आहे. वर्षांचे घड्याळ काशिमीऱ्याच्या डोंगरावर आपल्या समोर चालते आहे आणि ते अजून उलगडलेले नाही.

काळ थांबवण्याचे काम करतात त्या वनस्पती वेगळ्या. देवस्थानांच्या वाटेवर, जत्रेत ‘संजीवनी’ म्हणून एक वाळका गोळा विकायला असतो. पाण्यात टाकला की काही तासांत तो उलगडून हिरवा होतो. ती सेलाजिनेला ब्रायॉप्टेरिस, नेच्यांची नातलग. हनुमंताने आणलेली संजीवनी हीच, असा दावा करणे सोपे आहे आणि त्याच्या जोरावर आजाऱ्याला ती विकणे चुकीचे आहे. स्वतःला सुकवून पुन्हा जगवणे हा तिचा गुण आहे, तो खाणाऱ्याच्या अंगी उतरत नाही. पण तो गुण खरा आहे. शरीरातले जवळपास सगळे पाणी गेल्यावर साध्या वनस्पतीच्या पेशी फाटून मरतात. या वनस्पती विशिष्ट शर्करा आणि प्रथिने साठवून पेशींना काचेसारख्या घट्ट अवस्थेत नेतात. त्या अवस्थेत श्वसन जवळजवळ थांबते, वाढ थांबते, वय थांबते. पाणी मिळाले की सगळे जिथे थांबले तिथून पुढे सुरू.

पुण्याच्या आघारकर संशोधन संस्थेच्या अभ्यासकांनी २०२२ च्या सुमारास पश्चिम घाटातल्या अशा ६२ जाती नोंदवल्या. त्याआधी नऊच माहीत होत्या. बहुतेक जाती कातळांवरच्या, सड्यांवरच्या. पावसाळ्यात चार महिने तुडुंब पाणी आणि उरलेले आठ महिने तापलेला दगड, या जागेने त्यांना हे शिकवले. विकासाच्या आराखड्यात ज्या सड्यांची नोंद ‘पडीक’ म्हणून होते, तिथे सुश्रुताच्या सह्याद्रीतली खरी जादू वाढते आहे. या शोधाची बातमी जेवढी गाजायला हवी होती तेवढी गाजली नाही, याचे मला वाईट वाटते.

बीज हे काळ थांबवण्याचे आणखी जुने साधन. चीनमधल्या एका आटलेल्या तळ्याच्या गाळात सापडलेले कमळाचे बी सुमारे १३०० वर्षांनी रुजले. इस्रायलमधल्या मसादा किल्ल्याच्या उत्खननात मिळालेले खजुराचे बी सुमारे २००० वर्षांचे होते, ते २००५ मध्ये रुजवण्यात आले आणि झाडाला मेथुसेला हे नाव मिळाले. अमेरिकेतल्या मिशिगनमध्ये विल्यम बील यांनी १८७९ मध्ये बिया भरलेल्या वीस बाटल्या जमिनीत पुरल्या. ठरलेल्या वर्षांनी एकेक बाटली उकरून बिया पेरायच्या. २०२१ मध्ये उकरलेल्या बाटलीतल्याही काही बिया रुजल्या. शेवटची बाटली २१०० मध्ये निघायची आहे. पिढ्यान्‌पिढ्या माणसे एकमेकांच्या हाती नकाशा देत हा प्रयोग चालवत आहेत, आणि मला त्या बियांइतकेच या माणसांचे कौतुक आहे. याच्या अगदी उलट आपल्या खाडीतला कांदळ. त्याचे बी थांबायला तयारच नसते, ते झाडावर असतानाच रुजते आणि लांब शेंगेसारखे रोप होऊनच चिखलात पडते. भरती-ओहोटीच्या जागेत वाट पाहणाऱ्याला पाणी वाहून नेते.

झाडे काळ लिहूनही ठेवतात. पुण्याच्या भारतीय उष्णदेशीय हवामानशास्त्र संस्थेने दक्षिण भारतातल्या सागाच्या वर्तुळांवरून १४८१ पासूनच्या ५२३ वर्षांच्या पावसाचा, त्यातल्या अवर्षणांचा माग काढला. पाऊस मोजायची यंत्रे नव्हती तेव्हाचे दुष्काळ लाकडात उमटलेले आहेत.

आता उरतो प्रश्न काळ वाकवण्याचा. तो वाकवतो माणूस, आणि महाराष्ट्रात हे काम सर्वांत कसबाने शेतकरी करतो. डाळिंबाचे झाड सोडून दिले तर वर्षभर थोडी-थोडी फुले धरत राहते. शेतकरी त्याचा बहार ‘धरतो’: आंबिया, मृग किंवा हस्त. पाणी तोडून बागेला ताण द्यायचा, पानगळ करायची, छाटणी करायची आणि ठरवलेल्या दिवशी पाणी देऊन ताण तोडायचा. झाडाला वाटते कठीण ऋतू संपला, आणि सगळी बाग एकदम फुलते. सोलापूर-नाशिककडचा शेतकरी विहिरीतले पाणी, रोगाचा धोका आणि बाजारभाव पाहून झाडाचा वसंत कधी आणायचा हे ठरवतो. नागपूरच्या संत्र्याचेही आंबिया आणि मृग असेच. हापूस एका वर्षी भरभरून आणि दुसऱ्या वर्षी हात आखडून फळतो. कोकणात पावसाळ्यात बुंध्याभोवती पॅक्लोब्युट्राझोल, म्हणजे बागायतदारांच्या तोंडचे कल्टार, देऊन ही पाळी मोडली आणि मोहर लवकर आणला. फायदा झाला. पण हे रसायन जमिनीत दीर्घकाळ टिकते आणि बेताने, शिफारशीप्रमाणे न वापरल्यास झाड थकते. काळ वाकवण्याची किंमत झाडाच्या अंगावर पडते, हे जुन्या बागायतदारांना नीट कळलेले आहे.

रात्रीचे दिवे लावून शेवंतीचा बहर पुढे ढकलतात तेही याच विद्येतले. गार्नर आणि अलार्ड यांनी १९२० मध्ये तंबाखूच्या एका वाणावरून दाखवले की काही झाडे दिवसाची लांबी ओळखून फुलतात. पुढे कळले की झाड मोजते ती रात्र. मध्यरात्री थोडा वेळ दिवा लागला तरी लांब रात्र झाडाच्या हिशेबी तुटते. शेवंतीला लांब रात्र हवी, म्हणून दिव्याने ती थांबते. ड्रॅगन फ्रूटला उलट, म्हणून हिवाळ्यात दिवे लावून त्याला फुलवतात. शेतकरी हे जाणून करतो. शहर मात्र हेच न जाणता करते. १९३६ मध्ये मॅट्झके यांनी न्यूयॉर्कच्या रस्त्यांवर पाहिले की दिव्याजवळच्या झाडांची पाने शरद ऋतूत बाकीच्यांपेक्षा जास्त दिवस टिकतात, कारण त्यांना रात्र लांबल्याचे समजतच नाही. मीरा रोडमध्ये रात्र उरली आहे ती उद्यानाच्या डोंगरात आणि खाडीच्या तिवरांत. तिथपर्यंत झगझगीत दिवे नेताना आपण एका घड्याळात हात घालतो आहोत, एवढे भान नगररचनेत असायला हवे.

कल्पनेतल्या वनस्पतीचे सगळे गुण एका जागी कुठेच नाहीत. पण सर्वांत जवळ जाणारी कोणती, असे विचारले तर माझा कौल कारवीला. संजीवनी एकटी थांबते, ब्रह्मकमळ एका रात्रीचे, बांबूची पाळी आयुष्यात एकदा किंवा तीही नाही. कारवीची पाळी मूल पहिलीत गेल्यापासून आठवी संपेपर्यंतची. तिच्या बहरांवरून माणसाला आपले आयुष्य मोजता येते. आणि ती आपल्या रिक्षाच्या अंतरावर आहे.

अडचण तिच्या न फुलणाऱ्या वर्षांची आहे. उन्हाळ्यात कारवीचा उतार वाळलेल्या काड्यांचा माळ दिसतो आणि त्याला झुडूप, रान, मोकळी जागा अशी नावे पडतात. वणवा लागला, कोणी उतार खणला, राडारोडा टाकला, तर आठातल्या सातव्या वर्षीचे नुकसान कोणाच्या डोळ्यांना दिसत नाही. फूल आलेच नाही, तर काय गेले ते कळणार कसे? बहराच्या वर्षी गर्दी करून फांद्या मोडून नेण्यानेही तेच होते, कारण त्या झुडपाला दुसरी संधी नसते. मोडलेल्या फांदीबरोबर पुढच्या आठ वर्षांचे बी जाते.

म्हणून मीरा-भाईंदरच्या वाचकांना एक विनंती. काशिमीरा, चेणे, घोडबंदरच्या बाजूला, उद्यानाचे नियम पाळून, जिथे कारवी दिसेल तिथली जागा लिहून ठेवा. फूल दिसले तर वर्ष, महिना, उतार लिहा. फूल नसेल तर तेही लिहा. शाळांनी आणि गृहनिर्माण संस्थांनी ही वही वर्षानुवर्षे पुढच्यांकडे सोपवावी. आठ वर्षांच्या हिशेबाने २०२४ नंतरची पाळी २०३२ ची आहे आणि त्या वर्षी फुलणारी झुडपे आजच त्या डोंगरावर वाढत आहेत.